लोकगायक ह्यूडी लेडबेटर : जीवन व गायन

माणूस गेला की त्याचा आवाजही गेला, हा सृष्टीचा नियम हजारो वर्षे अबाधित होता. आपल्या संतांच्या ओव्या व अभंग आपणाजवळ आहेत. परंतु ते त्यांच्या कंठातून कसे उमटत असत, हे आता कोणासही कळण्याचा मार्ग नाही. सन १८७७ मध्ये अमेरिकेत एडिसन याने बोलणारे यंत्र सिद्ध केले आणि या नियमाला प्रथमच अपवाद घडला. तथापि यंत्र आले म्हणून सर्वांचेच आवाज राखले गेले असे नाही. नामांकित गवयांचे व रंगभूमीवरील नटांचे आवाज तबकड्यांवर उतरले. शेतात राबताना, खडी फोडताना किंवा तुरुंगात दिवस कंठताना जे गात होते, त्यांच्याकडे यंत्र घेऊन जाण्याची बुद्धी फार थोड्यांना झाली. अशा गाणाऱ्यांपैकी ज्यांचा आवाज योगायोगाने वाचला, त्या एका थोर अमेरिकन लोकगायकाचे चरित्र यंदाच्या स्मरणिकेसाठी सादर करीत आहे. त्यांचे नाव ह्यूडी लेडबेटर; जग त्यांना 'लेड बेली' या टोपणनावाने ओळखते.

आपल्या स्मरणिकेत इतक्या दूरच्या माणसाचे चरित्र कशासाठी, असे कोणी विचारील. महात्मा जोतीराव फुले यांनी १८७३ साली प्रसिद्ध केलेला 'गुलामगिरी' हा ग्रंथ गुलामांना दास्यातून मुक्त करणाऱ्या अमेरिकेतील लोकांना अर्पण केला होता, हे आपणांपैकी पुष्कळांस ठाऊक आहे. कायद्याने मुक्त झालेल्या त्या लोकांच्या मुलाबाळांचे पुढे काय झाले, हे जाणून घेणे म्हणूनच आपणांस परके नाही. ह्यूडी लेडबेटर हे त्या मुलांपैकी एक होत.

एक गोष्ट प्रारंभीच सांगितली पाहिजे. हे साधुपुरुषाचे चरित्र नव्हे. चरित्रनायकाचे दोष झाकून गुण तेवढे मांडण्याची आपल्याकडे रीत आहे. ती येथे पाळता येणार नाही. कारण या माणसाचे गाणे त्याच्या आयुष्यातून निघाले आहे, आणि आयुष्यातील काही भाग गाळला तर गाणेही पुरते कळत नाही.

जन्म व बालपण

अमेरिकेच्या दक्षिण भागात लुइझियाना नावाचे राज्य आहे. तेथील मूरिंग्सपोर्ट गावाजवळच्या एका मळ्यावर १८८८ च्या सुमारास ह्यूडीचा जन्म झाला. गुलामगिरी कायद्याने बंद होऊन तेव्हा वीस-बावीस वर्षे झाली होती. पण मुक्त झालेल्यांच्या हाती जमीन नव्हती. बहुतेक कुटुंबे गोऱ्या मालकाची शेती वाट्याने करीत. ह्यूडीचे वडील वेस्ली हे मोठे कष्टाळू गृहस्थ होते. वाट्याची शेती करून त्यांनी पै पै साठविली आणि शेजारच्या टेक्सास राज्याच्या हद्दीत स्वतःच्या मालकीची जमीन घेतली. कृष्णवर्णीय कुटुंबाने स्वतःची जमीन घेणे ही त्या काळी लहान गोष्ट नव्हती.

ह्यूडीला लहानपणी त्याच्या टेरेल नावाच्या काकाने अकॉर्डियन आणून दिले. आपल्या बाजाच्या पेटीसारखे, परंतु छातीशी धरून दोन्ही हातांनी भाता ओढीत वाजवावयाचे हे वाद्य. पुढे त्याच्या हाती गिटार आली. दिवसा कापूस वेचणे व नांगर धरणे आणि रात्री गावोगावच्या नाचगाण्याच्या बैठकीत वाजविणे असा क्रम सुरू झाला. कामकऱ्यांची गाणी, देवळातील भजने, मुलांच्या खेळातील गाणी, गुराख्यांची गाणी, प्रेमगीते, जे कानावर पडे ते त्या मुलाच्या मनात कायमचे राही. अशी शेकडो गाणी त्यांना अखेरपर्यंत मुखोद्गत होती.

ऐन तारुण्यात ते श्रीव्हपोर्ट शहराच्या फॅनिन रस्त्यावर गाऊ लागले. ही वस्ती दारूच्या गुत्त्यांची व नायकिणींची. तेथे संगीत उत्तम मिळाले. संगत मात्र उत्तम मिळाली नाही. पुढे टेक्सासमधील डॅलस शहरी ब्लाइंड लेमन जेफरसन या अंध गायकाची व त्यांची गाठ पडली. दोघे मिळून रस्त्यावर व आगगाडीतून गात फिरत. बारा तारांच्या गिटारीवर त्यांचा हात बसला तो याच सुमारास. या गिटारीत तारांच्या सहा जोड्या असतात, आणि खालच्या जोड्यांमध्ये एक तार दुसरीच्या वरच्या सप्तकात लावलेली असते. त्यामुळे एकाच माणसाच्या हातून दोन वाद्यांचा भरणा ऐकू येतो.

कारावास

लेडबेटर अंगाने धिप्पाड, स्वभावाने तापट, आणि कोणाचे ऐकून घेणारे नव्हते. त्यातून दारूचे गुत्ते आणि कमरेला शस्त्र. जे व्हावयाचे तेच झाले. १९१५ साली त्यांना शिक्षा होऊन पायांत साखळदंड घालून रस्त्याचे काम करणाऱ्या कैद्यांच्या टोळीत टाकण्यात आले. तेथून ते पळाले आणि वॉल्टर बॉइड असे खोटे नाव घेऊन राहू लागले. पुढे एका भांडणात त्यांच्या नात्यातील एक माणूस गोळी लागून ठार झाला. त्या खुनाबद्दल १९१८ साली त्यांना दीर्घ मुदतीची शिक्षा झाली.

टेक्सासमधील शुगर लँड येथे तुरुंगाची मोठी शेती होती, नावाप्रमाणेच उसाची. पहाटेपासून अंधार पडेपर्यंत उन्हात काम, आणि कामात कसूर झाल्यास फटके. या कैद्यांत एक गाणे प्रचलित होते. रात्री तुरुंगाजवळून एक आगगाडी जात असे. तिच्या दिव्याचा झोत खिडकीतून ज्याच्या अंगावर पडेल, तो लवकर सुटेल, अशी कैद्यांची श्रद्धा होती. 'मिडनाइट स्पेशल' नावाने हे गाणे पुढे जगभर गाजले ते लेडबेटर यांच्यामुळे. ज्यांनी हे गाणे केवळ करमणुकीचे म्हणून ऐकले असेल, त्यांनी त्यातील आगगाडी कोणत्या खिडकीतून दिसत होती, हे ध्यानात घ्यावे.

१९२४ साली टेक्सासचे राज्यपाल पॅट नेफ तुरुंग पाहावयास आले. अमेरिकेत राज्यपाल लोकांच्या मतांनी निवडून येतो. आणि कैद्यांना माफी देत सुटणार नाही, असे सांगून नेफ निवडून आले होते. लेडबेटर यांनी त्यांच्यासमोर स्वतः रचलेले एक गाणे म्हटले आणि त्यातच सुटकेची विनंती केली. नेफ प्रसन्न झाले. परंतु लगेच सोडले नाही. आपल्या कारकिर्दीच्या अगदी अखेरीस, जानेवारी १९२५ मध्ये, त्यांनी माफीच्या हुकमावर सही केली. गाणे गाऊन सुटलेला कैदी अशी लेडबेटर यांची ख्याती झाली ती येथून. कमीत कमी भोगावयाची जी सात वर्षे, ती तोवर बहुतेक संपत आली होती, हेही सांगितले पाहिजे.

सुटल्यावर स्वभाव पालटला नाही. १९३० साली एका गोऱ्या माणसावर प्राणघातक हल्ला केल्याचा आरोप सिद्ध होऊन त्यांना सहा ते दहा वर्षांची शिक्षा झाली, आणि लुइझियानातील अँगोला येथील तुरुंगात त्यांची रवानगी झाली. गुलामांच्या काळातील एका मळ्याच्या जागेवर हा तुरुंग उभा होता. गुलाम गेले; त्याच जमिनीत आता कैदी राबत होते आणि त्यांतील फार मोठा भाग कृष्णवर्णीयांचा होता. लेडबेटर यांनी गुन्हा केला, हे खरे. परंतु त्या काळी दक्षिणेत गोऱ्याला एक न्याय आणि काळ्याला दुसरा न्याय होता, हेही तितकेच खरे. दोहोंपैकी एक सांगून दुसरे गाळणे हा अप्रामाणिकपणा होईल.

यंत्र तुरुंगात जाते

१९३३ च्या जुलै महिन्यात जॉन लोमॅक्स नावाचे पासष्ट वर्षांचे गृहस्थ आपल्या अठरा वर्षांच्या ॲलन या मुलासह अँगोलाच्या फाटकाशी आले. त्यांच्या मोटारीत सुमारे ३१५ पौंड, म्हणजे जवळजवळ १४३ किलो वजनाचे ध्वनिलेखनाचे यंत्र होते. वॉशिंग्टन येथील काँग्रेसच्या ग्रंथालयासाठी लोकगीते जमविण्याचे काम त्यांनी अंगावर घेतले होते. लोमॅक्स हे जुने संग्राहक. गुराख्यांच्या गीतांचा त्यांचा संग्रह १९१० मध्येच छापून निघाला होता. रेडिओ आणि बाजारू तबकड्यांमुळे गावोगावची जुनी गाणी पुसली जात आहेत, परंतु तुरुंगात वर्षानुवर्षे कोंडलेल्या माणसांच्या तोंडी ती शाबूत असतील, असा त्यांचा कयास होता.

तो कयास खरा ठरला. त्या वेळी लेडबेटर यांचे वय पंचेचाळीसच्या आसपास होते. त्यांनी जी गाणी म्हटली त्यांत एक होते 'आयरीन'. हे गीत त्यांनी आपल्या काकांकडून उचलले होते. त्याचे मूळ शोधीत गेले असता १८८६ साली गसी डेव्हिस या कृष्णवर्णीय गीतकाराने रचलेल्या एका गीतापाशी आपण पोहोचतो. म्हणजे एकाने रचले, दुसऱ्याने घरी गुणगुणले, तिसऱ्याने तुरुंगात नेले आणि प्रत्येकाने त्यात आपले काही घातले. लोकगीत घडते ते असे. आपल्या जात्यावरच्या ओव्यांचे तरी याहून वेगळे काय आहे?

पुढील वर्षी, १९३४ च्या जुलैत, पितापुत्र पुन्हा आले. या वेळी तबकडीच्या एका बाजूस 'आयरीन' आणि दुसऱ्या बाजूस राज्यपाल ऑस्कर ॲलन यांना सुटकेची विनंती करणारे गाणे मुद्रित झाले. ती तबकडी लोमॅक्स यांनी राज्यपालांच्या कचेरीत नेऊन दिली. १ ऑगस्ट रोजी लेडबेटर सुटले. आता गाण्याने दोनदा तुरुंगाची दारे उघडली, अशी कथा वृत्तपत्रांना मिळाली. तुरुंगाच्या अधिकाऱ्यांचे म्हणणे मात्र निराळे होते. चांगल्या वर्तणुकीबद्दल शिक्षेत जी सूट कैद्यांना मिळत असे, त्या नियमानुसारच ही सुटका झाली, असे त्यांनी कळविले. दंतकथा गोड असते. परंतु कागदावर जे आहे ते सांगणे चरित्रकारास भाग आहे.

आश्रय आणि अपमान

लेडबेटर आता लोमॅक्स यांचे मोटारचालक व मदतनीस झाले. तुरुंगातुरुंगातून हिंडताना नव्या कैद्यांना काय हवे आहे, हे ते स्वतः गाऊन दाखवीत. त्याच वर्षी आर्कान्साच्या एका तुरुंगात त्यांनी कैद्यांकडून एक आगगाडीचे गाणे ऐकले. तेच पुढे त्यांचे विख्यात 'रॉक आयलंड लाइन'. डिसेंबरात फिलाडेल्फिया येथे विद्वानांच्या परिषदेत त्यांचे गायन झाले. १९३५ च्या जानेवारीत न्यूयॉर्क शहरी वृत्तपत्रांचे प्रतिनिधी त्यांच्याभोवती जमले. त्याच महिन्यात मार्था प्रॉमिस या बाईंशी त्यांचा विवाह झाला. या बाईंनी त्यांचा संसार अखेरपर्यंत निष्ठेने सांभाळला.

परंतु या गौरवाची दुसरी बाजू पाहावी. वृत्तपत्रांनी त्यांचे गाणे थोडे आणि खुनाची हकिकत फार छापली. एका वृत्तचित्रपटात त्यांना कैद्याचे पट्ट्यापट्ट्यांचे कपडे घालून उभे करण्यात आले. लेडबेटर स्वतः मोठे नीटनेटके गृहस्थ होते. इस्त्रीचा सूट आणि बो-टाय यांवाचून चारचौघांत जाणे त्यांना आवडत नसे. सुटलेल्या माणसास पुन्हा कैद्याचा वेष चढविण्यात काय दुःख असेल, याची कल्पना आपण करू शकतो. करारही विषम होता. मिळकतीचा दोन तृतीयांश वाटा लोमॅक्स पितापुत्रांचा आणि एक तृतीयांश गाणाऱ्याचा, असे ठरले होते. मार्च १९३५ मध्ये दोघांत तेढ आली आणि ते कायमचे वेगळे झाले.

जॉन लोमॅक्स यांना केवळ दोष देऊन चालणार नाही. ते नसते तर आज लेडबेटर यांचे नावही कोणास ठाऊक नसते. ज्याने आवाज वाचविला त्यानेच आवाजाच्या धन्याला बरोबरीने वागविले नाही, ही या चरित्रातील खरी अडचण आहे. उपकार आणि अन्याय एकाच हाताने होऊ शकतात. ॲलन लोमॅक्स मात्र पुढेही मित्र राहिले. १९३९ साली लेडबेटर पुन्हा एका मारामारीच्या खटल्यात सापडले, तेव्हा खर्चासाठी पैसे उभे करण्यात ॲलन यांचा पुढाकार होता.

१९३७ साली वॉशिंग्टन या राजधानीत लेडबेटर पतिपत्नींना उतरावयास जागा मिळेना. गोरे मित्र बरोबर असूनही रंगाच्या कारणावरून दारे बंद झाली. ज्या शहरातील ग्रंथालयात आपला आवाज राष्ट्राची ठेव म्हणून जपून ठेवला आहे, त्याच शहरात आपणास रात्रीचा आसरा नाही! या अनुभवावर त्यांनी 'बूर्ज्वा ब्लूज' हे गीत रचले. त्यात रडगाणे नाही. जे घडले ते नाव घेऊन सांगितले आहे. आपल्या शाहिरी परंपरेतील माणसाला हे गीत ताबडतोब ओळखीचे वाटेल.

न्यूयॉर्कमधील वर्षे

न्यूयॉर्कच्या पूर्व दहाव्या रस्त्यावरील त्यांचे छोटेसे बिऱ्हाड गाणाऱ्यांचे माहेरघर झाले. वुडी गथ्री हे दुसरे थोर लोकगायक तेथे मुक्कामाला असत. पुढे नागरी हक्कांच्या चळवळीतील गीते जगभर नेणारे पीट सीगर त्या वेळी तरुण होते. बारा तारांच्या गिटारीची ओढ त्यांना लेडबेटर यांच्यापासून लागली. पैसा मात्र घरात कधी टिकला नाही. मोठ्या कंपन्यांनी तबकड्या काढल्या, त्या फारशा खपल्या नाहीत.

अशा वेळी मोझेस ॲश हे ध्वनिमुद्रक भेटले. त्यांची कंपनी लहान. खप किती होईल याचा हिशेब न करता जे राखण्यासारखे आहे ते मुद्रित करावे, ही त्यांची वृत्ती. १९४१ साली त्यांनी लेडबेटर यांची जी पहिली मालिका काढली, ती लहान मुलांच्या खेळगीतांची होती. ज्याने जन्मभर शाळेत मुलांना शिकविले त्याला ही गोष्ट विशेष वाटते. जगाने ज्यांना खुनी म्हणून रंगविले, ते मुलांच्या घोळक्यात बसून टाळ्या वाजवीत आणि खेळ शिकवीत. दोन्ही माणसे एकच होती.

१९४८ च्या शरद ऋतूत फ्रेडरिक रॅमसे या संगीतप्रेमी गृहस्थांनी त्यांना घरी जेवावयास बोलाविले. रॅमसे यांच्याकडे चुंबकीय फितीवर मुद्रण करणारे नवे यंत्र आले होते. जुन्या तबकडीवर एका बाजूस जेमतेम तीन मिनिटे मावत. म्हणून गाणे छाटावे लागे. फितीवर ती अट नव्हती. पहिल्या रात्री लेडबेटर यांनी गिटार आणली नव्हती, तरी एकामागून एक गाणी नुसत्या आवाजावर म्हटली. पुढील बैठकींना गिटार आली. मार्थाबाईही काही गाण्यांत साथीला बसल्या. गाण्याआधी ते कोठे ऐकले, कोण गात असे, काम कोणते चालू असे, हे ते सांगत. अशी नव्वदहून अधिक गाणी राखली गेली. आयुष्यात प्रथमच या गायकाला कोणी घड्याळ न लावता ऐकून घेतले.

ते अगदी वेळेवर झाले. १९४९ साली पॅरिसच्या दौऱ्यावर असता त्यांचे हातपाय दुबळे होऊ लागले. स्नायूंना निकामी करीत जाणारा असाध्य मज्जारोग जडल्याचे डॉक्टरांनी सांगितले. जून महिन्यात टेक्सास विद्यापीठात त्यांनी शेवटचे जाहीर गायन केले. तो कार्यक्रम जॉन लोमॅक्स यांच्या स्मृतिप्रीत्यर्थ होता. लोमॅक्स आदल्या वर्षी निवर्तले होते. मनातील तेढ विसरून लेडबेटर तेथे गेले, यात त्यांचे मोठेपण दिसते. ६ डिसेंबर १९४९ रोजी न्यूयॉर्कच्या बेलव्ह्यू रुग्णालयात त्यांचे देहावसान झाले. मूरिंग्सपोर्टजवळच्या शायलो चर्चच्या आवारात त्यांना मूठमाती देण्यात आली.

पुढचे वर्ष उलटण्यापूर्वीच पीट सीगर यांच्या 'वीव्हर्स' या गायकसंचाने 'आयरीन'चे मुद्रण केले. १९५० साली तेरा आठवडे ते अमेरिकेत सर्वाधिक खपाचे गीत होते. या गीताच्या हक्कावर लेडबेटर यांच्या जोडीने जॉन लोमॅक्स यांचेही नाव होते. ज्याने ते गाऊन जगविले, त्याला त्यातला पैसा पाहावयास मिळाला नाही. १९५६ साली इंग्लंडात लॉनी डोनेगन यांच्या 'रॉक आयलंड लाइन'ने तरुणांना वेड लावले, आणि पुढे जे जगप्रसिद्ध 'बीटल्स' झाले त्यांतील मुलांनी त्याच लाटेत गिटारी हाती घेतल्या.

आवाज कसा ऐकावा

मोझेस ॲश १९८६ मध्ये वारले. त्यांच्या 'फोकवेज' कंपनीचा संग्रह १९८७ मध्ये वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन संस्थेकडे गेला. अट अशी की, संग्रहातील २,१६८ तबकड्यांपैकी एकही, खप असो वा नसो, बंद करावयाची नाही. २०१५ साली या संस्थेने लेडबेटर यांची निवडक १०८ मुद्रणे पाच सीडींच्या संचात काढली. त्यांची गाणी आता ज्याला 'लॉसलेस' म्हणतात, म्हणजे बिनतुटीच्या स्वरूपातही मिळतात. माझ्या नातवाने ती मला हेडफोन लावून ऐकविली आणि प्रकार समजावून सांगितला. ज्येष्ठ वाचकांसाठी तो येथे देतो.

सीडीमध्ये आवाजाचे दर सेकंदाला ४४,१०० वेळा माप घेऊन आकडे नोंदलेले असतात. हे आकडे फार जागा व्यापतात. म्हणून 'एमपी-थ्री' नावाच्या पद्धतीत जे कानाला सहसा जाणवणार नाही ते गाळून टाकतात आणि फाईल पुष्कळदा मूळच्या दहाव्या हिश्श्यावर आणतात. ही झाली कादंबरीची संक्षिप्त आवृत्ती; कथा कळते, पण गाळलेली पाने पुन्हा मिळत नाहीत. दुसरी पद्धत 'फ्लॅक'. ती २००१ साली पुढे आली. तीत काहीही गाळीत नाहीत, फक्त आकडे घट्ट बांधतात. गादी गुंडाळून दोरीने आवळावी आणि सोडली की पुन्हा पूर्ववत् व्हावी, तसे. जागा साधारण निम्मी लागते आणि उलगडल्यावर मूळचा प्रत्येक आकडा जागेवर असतो.

याचा लाभ कोठे होतो? 'टेक दिस हॅमर' हे रेल्वेच्या रुळांवर घण घालणाऱ्यांचे गाणे ऐकावे. प्रत्येक ओळीनंतर घण पडतो, तेव्हा गायक छातीतून श्वास सोडतो. तो श्वास हा गाण्यातील ताल आहे आणि कामकऱ्याचा दमही आहे. बारा तारांतील जोडतारांची सूक्ष्म झणझण, आंगठ्याने वाजविलेला खर्ज, पायाचा ठेका, दोन गाण्यांमधील बोलणे, हे सारे स्वच्छ कानी येते. गाळणी फार बारीक लावली तर प्रथम जाते ते हेच.

मात्र एक भ्रम नसावा. जे मूळ यंत्राच्या सुईपर्यंत पोहोचलेच नाही, ते कोणतीही बिनतुटीची पद्धत देऊ शकत नाही. १९३३ च्या ॲल्युमिनियमच्या तबकडीवरील खरखर तशीच ऐकू येते. ती ऐकून घ्यावी. ती तुरुंगातील त्या दिवसाची खूण आहे.

मला वाटते, माणसाच्या चरित्राचेही असेच आहे. लेडबेटर यांचे दोष गाळले तर एक सोज्ज्वळ कलावंत उरतो. त्यांच्यावरील अन्याय गाळला तर नुसता गुन्हेगार उरतो. आणि गाण्यांची कष्टाची पार्श्वभूमी गाळली तर करमणूक उरते. तिन्ही खोटे. खरखरीसकट ऐकावा तेव्हाच आवाज खरा, आणि उणिवांसकट सांगावा तेव्हाच माणूस खरा.

उपसंहार

आपल्या महाराष्ट्रात हेमा राईरकर व गी पॉइतवाँ यांनी सहकाऱ्यांसह १९८० नंतरच्या काळात हजारावर गावे हिंडून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या जमविल्या. गाणाऱ्या बायांची नावे व गावे त्यांनी टिपून ठेवली, हे त्यांच्या कामाचे मोठे वैशिष्ट्य. घरोघरी पिठाच्या गिरण्या पोहोचल्या, जाती कोपऱ्यात गेली आणि ओव्या म्हणण्याचे निमित्तच संपले. ते काम झाले नसते तर त्यांतील बहुतेक ओव्या त्या बायांबरोबरच गेल्या असत्या.

आपल्या सभासद कुटुंबांतही अजून ऐंशी-नव्वदीच्या घरातील आजीआजोबा आहेत. कोणाला लग्नातील गाणी येतात, कोणाला हदग्याची, कोणाला मोटेवरची. १९३३ साली जे यंत्र मोटारीतून न्यावे लागे, ते आज प्रत्येकाच्या खिशात आहे. तेव्हा माझी विनंती एवढीच. येत्या सुटीत त्यांच्याजवळ बसावे आणि त्यांचा आवाज राखून ठेवावा. त्यांना घाई करू नये. घड्याळ लावू नये. गाणे कोठे शिकलात, कोणाबरोबर म्हणत होता, हेही विचारावे. मध्येच खोकला आला, विसर पडला, डोळ्यांत पाणी आले, तर ते कापू नये. कुटुंबातील भांडणाची, गरिबीची वा अपमानाची हकिकत निघाली तर ती लाजेने पुसू नये. आणि मुद्रणाबरोबर म्हणणाऱ्याचे पूर्ण नाव, गाव व वर्ष अवश्य लिहावे. कारण गाणे ज्याने जपले त्याचे नाव गाण्यापासून तुटू देणे हा अन्याय आहे, हे लेडबेटर यांच्या चरित्रातून आपण शिकलो.

रॅमसे यांनी १९४८ मध्ये यंत्र लावण्यास आणखी दीड वर्ष उशीर केला असता, तर त्या शेवटच्या बैठकी आज कोणालाच ऐकावयास मिळाल्या नसत्या. आपल्या घरातील वडीलधाऱ्यांच्या बाबतीत किती अवकाश उरला आहे, हे ज्याचे त्याने मनाशी पाहावे.